खाड्याचे पैसे आणि मोडलेला हात

सर आणि नाना आमच्या इमारतीतले. सर निवृत्त क्रीडाशिक्षक. शाळेत असताना कबड्डीचे संघ बांधले, आणि अजूनही पंचाची शिट्टी खिशात ठेवतात असा आम्हाला संशय आहे. त्यांची मुलगी लँकेशायरमधल्या एका इस्पितळात डॉक्टर आहे. तिच्याकडे राहून आल्यापासून सरांच्या बोलण्यात सेंट हेलेन्स हे काचकारखान्यांचं गाव आणि रग्बी लीग हा खेळ सारखा येतो. नाना गिरणीतले, रिंग खात्यातले. १९८२ चा गिरणी संप त्यांनी शेवटपर्यंत केला आणि ते आजही तो संपला असं म्हणत नाहीत.

या दोघांचा अलीकडचा वाद ॲलन प्रेस्कॉट या माणसावरून झाला. तो जसा ऐकला तसा पुढे दिला आहे. नानांचे काही शब्द तेवढे गाळले आहेत.

सर : आधी प्रसंग ऐका, मग बोला. ५ जुलै १९५८. ब्रिस्बेनचं एक्झिबिशन ग्राउंड. ऑस्ट्रेलिया विरुद्ध ग्रेट ब्रिटन, दुसरी कसोटी. पहिली कसोटी सिडनीला ब्रिटन २५-८ असं सपाटून हरलेलं. मालिका तीनच सामन्यांची, म्हणजे ही गेली की सगळंच गेलं. सामना सुरू होऊन पाच मिनिटंही झाली नसतील, ब्रिटनचा कर्णधार प्रेस्कॉट याचा उजवा हात मोडला. मनगट आणि कोपराच्या मधलं हाड. थोड्या वेळाने डेव्हिड बोल्टनचं कॉलरबोन मोडलं, तो बाहेर गेला. जिम चॅलिनरचा खांदा गेला, एरिक फ्रेझरचं कोपर सुजलं, व्हिन्स करॅलियसची पाठ धरली.

नाना : ही लढाई होती की खेळ?

सर : थांबा हो. बदली खेळाडू आणायचा नियमच नव्हता तेव्हा. मैदानात उतरलेल्या तेरा जणांतला जो गेला तो गेला. बोल्टन गेल्यावर बारा उरले, आणि त्या बारांतल्या एकाचा हात लोंबतोय. मध्यंतराला डॉक्टरांनी पाहिलं, पुन्हा जाऊ नका म्हणाले. प्रेस्कॉट पुन्हा गेला. एकूण ऐंशी मिनिटांपैकी पंचाहत्तरएक मिनिटं तो मोडक्या हाताने खेळला. ब्रिटनने सामना जिंकला, २५-१८. तिसरा सामनाही जिंकला, सिडनीत, ४०-१७. मालिका ब्रिटनची.

नाना : तिसऱ्यात हा होता?

सर : कसा असेल? हात प्लॅस्टरमध्ये.

नाना : बरं. आता मी बोलू? आमच्या खात्यात एखाद्याचा हात पट्ट्यात सापडला असता आणि तो रक्त पुसून पाळी संपेपर्यंत उभा राहिला असता, तर आम्ही त्याच्या नावाने घोषणा दिल्या नसत्या. मशीन बंद केलं असतं. आणि मॅनेजरच्या केबिनमध्ये गेलो असतो.

सर : हा कामावरचा अपघात नाही, नाना.

नाना : कसा नाही? पैसे घेऊन खेळत होता ना?

सर गप्प बसले नाहीत, पण क्षणभर अडखळले. कारण नानांनी अगदी नेमक्या जागी बोट ठेवलं होतं. रग्बी लीग हा खेळ पैशाच्या प्रश्नातूनच जन्माला आला, आणि ते सरांनीच नानांना आधी कधीतरी सांगितलं होतं. शिक्षकांची ही अडचण असते. शिकवलेलं उलटून त्यांच्याच अंगावर येतं.

सर : घेत होता. आणि ते पैसे घ्यायचा हक्क मिळवायला त्याच्या आजोबांच्या पिढीने काय केलं, तेही ऐका. उत्तर इंग्लंडचे रग्बी खेळाडू खाणीत, सूतगिरण्यांत, गोदीत राबणारे. शनिवारी अर्धा दिवस काम असायचं. सामन्यासाठी लांब जायचं तर तेवढा खाडा पडायचा, मजुरी कापली जायची. क्लब म्हणाले, खाड्याचे पैसे आम्ही भरून देतो, दिवसाला सहा शिलिंग. लंडनच्या रग्बी संघटनेत बसलेले साहेब म्हणाले, नाही. पैशासाठी खेळणं हलकं. १८९३ मध्ये लंडनला मतदान झालं, २८२ विरुद्ध १३६, प्रस्ताव पडला. दोन वर्षांनी, २९ ऑगस्ट १८९५ ला, हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेचे क्लब जमले आणि वेगळे झाले. तेच पुढे रग्बी लीग.

नाना : फूट नाही म्हणायची याला. संप म्हणायचा.

सर : म्हणा. आणि जो एकदा लीगकडे गेला त्याला जुन्या रग्बीचं दार कायमचं बंद. एक सामना खेळला तरी बंद. शंभर वर्षं तसंच चाललं. १९९५ मध्ये त्या साहेबांनी स्वतःच पैसे घ्यायला सुरुवात केली, तेव्हा कुठे दार उघडलं.

नाना : आमच्या गिरणीतल्या जुन्या मशिनी ओल्डहॅमच्या होत्या. प्लॅट ब्रदर्स. लोखंडात नाव ओतलेलं. ओल्डहॅमलाही हा खेळ आहे, असं तुम्हीच सांगितलं होतं. म्हणजे ती मशीन ओतणाऱ्यांची पोरं शनिवारी हे खेळायची. म्हणून मला त्यांच्याबद्दल राग नाही, सर. राग आहे तो गोष्ट सांगणाऱ्यांवर. ज्या खेळाची सुरुवातच अशी, की माझा दिवस बुडाला तर त्याची भरपाई द्या, त्याच खेळात त्रेसष्ट वर्षांनी कप्तानाचा हात मोडतो आणि त्याच्या जागी उभं राहायला माणूस नाही. दिवसाची किंमत ठरवली, हाताची नाही ठरवली.

(इथे मला नाना जिंकत आहेत असं वाटलं होतं. बोललो नाही, कारण दोघांपैकी कोणीच मला बोलायला जागा ठेवली नव्हती.)

सर : तुम्ही सगळं नियमावर नेता. माणसाकडे बघा ना. प्रेस्कॉट कोण होता? १९२७ चा, विडनेस गावचा. रासायनिक कारखान्यांचं गाव ते. हॅलिफॅक्स क्लबात विंगर म्हणून सुरुवात. विंगर म्हणजे कडेने पळणारा, वेगवान. १९४९ मध्ये सेंट हेलेन्सने घेतला, आणि हळूहळू तो सरकत सरकत थेट पुढच्या फळीत आला, प्रॉप झाला. प्रॉप म्हणजे स्क्रमचा खांब. दोन्ही बाजूंचे फॉरवर्ड डोकी खाली घालून एकमेकांत घुसतात, सगळा भार त्यांच्यावर. कडेने पळायला शिकलेला माणूस मधल्या घाणीत गेला, पण पाय विसरला नाही. प्रॉपच्या मानाने तो फार चपळ होता म्हणतात.

नाना : वर्षानुवर्षं एकच काम करून माणूस दुसऱ्या खात्यात गेला की त्याला तिथे पहिल्या कामाची सवय उपयोगी पडते. हे पटतं.

सर : आता सेंट हेलेन्सचं बघा. इंग्लंडमधला चॅलेंज कप, त्याची पहिली फायनल १८९७ ची. त्यात सेंट हेलेन्स होतं आणि बॅटलीकडून १०-३ हरलं. नंतर १९१५ ला हरलं, १९३० ला हरलं, १९५३ ला वेम्बलीवर हडर्सफील्डकडून १५-१० हरलं. त्या १९५३ च्या संघात प्रेस्कॉट होता. मग आलं १९५६. पुन्हा वेम्बली, समोर हॅलिफॅक्स, म्हणजे त्याचा जुना क्लब. मध्यंतरापर्यंत दोन्हीकडे शून्य. शेवटी १३-२ जिंकले. तीन ट्राय झाले, म्हणजे तीनदा चेंडू पलीकडच्या रेषेपार टेकवला, त्यांतला एक खुद्द कर्णधाराचा. सामन्यातल्या सर्वोत्तम खेळाडूची लान्स टॉड ट्रॉफी त्यालाच. एकोणसाठ वर्षं वाट पाहिलेल्या गावात हा माणूस कप घेऊन उतरला. तुम्हाला वाटतं त्याला ब्रिस्बेनमध्ये कोणी जबरदस्ती करायला हवी होती?

नाना : मी जबरदस्ती म्हणालोच नाही. जबरदस्ती सोपी असते, तिच्याविरुद्ध बोंब मारता येते. १८९७ म्हणालात ना? त्याच वर्षी इंग्लंडात कायदा झाला, कामावर जखमी झालेल्या कामगाराला मालकाने भरपाई द्यायची. युनियनच्या शिबिरात शिकवलं होतं आम्हाला. आपल्याकडे तो १९२३ ला आला.

सर : खेळाडूलाही तो लागू झाला, हे ठाऊक आहे? १९१० मध्ये क्रिस्टल पॅलेसच्या एका फुटबॉलपटूच्या खटल्यात कोर्टाने सांगितलं की पगारी खेळाडू हाही कामगारच.

नाना : मग तर झालंच! कोर्टाने म्हणून ठेवलंय, आणि तुम्ही मला अर्ध्या तासापासून सांगताय की हा कामावरचा अपघात नाही.

सर मनापासून हसले. मग त्यांनी चष्मा काढला. म्हणजे आता ते खरं बोलणार होते.

सर : तुम्हाला एक सांगू? माझ्या संघातल्या पोराचं बोट जरी निखळलं, तरी मी त्याला बाहेर काढत असे. तो रडायचा, आईबाप येऊन भांडायचे, तरी बाहेर. त्यामुळे प्रेस्कॉटच्या जागी माझा पोरगा असता तर मी काय केलं असतं हे विचारू नका, ते तुम्हाला माहीत आहे. पण तो माझा पोरगा नव्हता. एकतीस वर्षांचा माणूस होता, संघाचा कर्णधार होता, आणि डॉक्टर काय म्हणतात हे ऐकून त्याने ठरवलं. मोठ्या माणसाच्या निर्णयाला मी पोराचा हट्ट कसा समजू? तो काय खेळला असेल याचा विचार करा. प्रॉपला स्क्रममध्ये शेजारच्याला हाताने कवळावं लागतं, त्या बांधणीवरच सगळं उभं. तोच हात गेलेला. धावत येणाऱ्याला अडवायचं तर डाव्या खांद्याने. चेंडू आला तर एका हाताने छातीशी. आणि समोरच्यांना कळलेलं, की हा दुखावलाय. तेही काही मऊ लोक नव्हते.

नाना : आणि मुद्दाम त्याच्याकडेच पळत असणार.

सर : तुम्ही असता तर?

नाना : पळालो असतो. खोटं कशाला बोलू.

सर : त्यात एकटा प्रेस्कॉट नव्हता. बोल्टन गेल्यावर हाफबॅकची जागा रिकामी झाली. तिथे कोण गेलं? करॅलियस. लूज फॉरवर्ड, राकट गडी. त्या दौऱ्यात ऑस्ट्रेलियाच्या वर्तमानपत्रांनी त्याला पंपासचा रानबैल असं नाव दिलं होतं. तो नाजूक हातांच्या जागेवर उभा राहिला, आणि त्याच्या शेजारी सेंट हेलेन्सचाच ॲलेक्स मर्फी, वय वर्षं एकोणीस. कारखान्यात शेजारचा पडला की त्याचं मशीन आपण बघतो ना, तसं. तुम्हीच सांगायचात, संपाच्या काळात एकाच्या घरी चूल बंद झाली की दुसऱ्याच्या घरचं पीठ जायचं. मग इथे तेच घडतंय तर तुम्हाला ते मालकाचं कारस्थान का दिसतं?

नानांनी उत्तर द्यायला वेळ घेतला. नानांना वेळ लागणं ही गोष्ट आमच्या इमारतीत सहसा घडत नाही.

नाना : कारण ते दोन्ही खरं आहे म्हणून. सोबतीचं प्रेम खरं, आणि त्यावर धंदा चालतो हेही खरं. संपात आम्ही एकमेकांसाठी उभे राहिलो ते मशीन बंद ठेवायला. इथे हे उभे राहिले ते मशीन चालू ठेवायला. तिकिटं विकलेली होती, सर. लोक बसलेले होते. तुमच्या प्रेस्कॉटला बाहेर जायचं नव्हतं, मान्य. का नव्हतं? तो गेला की मागे अकरा उरतात, तेराविरुद्ध अकरा. म्हणजे त्याच्या हाताचं ओझं बाकीच्या अकरांच्या पाठीवर. कुठला भला माणूस असं करेल? नियमच असा होता की भल्या माणसाला दुसरा रस्ता नाही. वाईट माणूस निघून गेला असता.

सर : बोल्टन वाईट होता?

नाना : तसं नाही म्हणत मी. थांबा, बोल्टनवर येऊ आपण. आधी बदलीचं बोलू. आमच्या गिरणीत बदली कामगार असायचे. सकाळी गेटवर रांग लावून उभे राहायचे, कार्ड हातात. कोणाचा खाडा पडला की त्यांतला एक आत. ती पद्धत काही आमच्यावर उपकार म्हणून नव्हती, ती मशीन रिकामी राहू नये म्हणून होती. बदलीवाल्याला कायम कधी करायचं यावर आमच्या निम्म्या भांडणांची पोटं भरली. पण एवढं होतं, की तुमचं बोट कापलं तर तुम्ही घरी जाऊ शकत होता. मालकाला गरज होती म्हणून का असेना. आणि इथे? हजारो माणसं पैसे देऊन बघायला येतात, जहाजाने नाहीतर विमानाने अर्धी पृथ्वी ओलांडून दोन डझनांवर खेळाडू नेलेत, आणि सामन्याच्या दिवशी कडेला धडधाकट माणसं नुसती कोट घालून बसलेली. एकाला कपडे बदलायला सांगायचं होतं फक्त.

सर : त्याला कारण होतं. बदली आणू दिला की कोणीही दमलेला माणूस लंगडत बाहेर येईल, ताजा आत जाईल. फसवणूक होईल.

नाना : हेच! पोटदुखी सांगून कामगार रजा घेतील म्हणून रजाच नको. ऐकलंय मी हे. वेगवेगळ्या आवाजांत ऐकलंय.

सर : बरं, पण एकट्या रग्बी लीगला का झोडता? सगळ्या इंग्लंडचीच ती रीत होती. सेंट हेलेन्सने कप जिंकला २८ एप्रिल १९५६ ला. बरोब्बर एका आठवड्याने त्याच वेम्बलीवर फुटबॉलची एफए कप फायनल. मँचेस्टर सिटीचा गोलकीपर बर्ट ट्राउटमन, जर्मन, युद्धकैदी म्हणून आलेला. त्याची मान मोडली. मान! तसाच खेळला, संघ ३-१ जिंकला, आणि मान मोडल्याचं काही दिवसांनी एक्सरेत कळलं. पुढच्या वर्षी फायनलमध्ये मँचेस्टर युनायटेडच्या गोलकीपरच्या गालाचं हाड मोडलं, युनायटेड हरलं. १९५९ ला एकाचा पाय मोडला. १९६० ला दुसऱ्याचा. ओळीने. फुटबॉलच्या लीगने बदली खेळाडू आणला १९६५ ला.

नाना : आणि तुमच्या लीगने?

सर : १९६४. एक वर्ष आधी. तोही फक्त जखमी झाला तर, आणि मध्यंतराच्या आतच. पुढे नियम सैल झाला.

नाना : म्हणजे प्रेस्कॉटनंतर सहा वर्षं. त्या सहा वर्षांत किती हात मोडले असतील, ज्यांच्या गोष्टी कोणी सांगत नाही, कारण ते सामने हरले?

हे वाक्य नानांनी सहज टाकलं, पण मला वाटतं सगळ्या वादातलं जड वाक्य तेच. ब्रिस्बेनचा सामना ब्रिटन १८-२५ असा हरलं असतं तर प्रेस्कॉटचा हात हा एक दुबळा निर्णय ठरला असता. कर्णधाराने अट्टहासाने जागा अडवून ठेवली, असंही कोणी लिहिलं असतं. पराक्रमाला गुणफलकाची साक्ष लागते, हे सरांनाही नाकारता आलं नाही. त्यांनी विषय मात्र हुशारीने मागे नेला.

सर : हरण्याचं म्हणालात म्हणून सांगतो. या खेळात हरल्याचे पैसे कमी मिळत, जिंकल्याचे जास्त. प्रत्येक सामन्याला. पाठीवर घरचं भाडं घेऊन खेळणारे लोक होते हे. आठवडाभर नोकरी, संध्याकाळी सराव, शनिवारी सामना. दौऱ्यावर आले तर महिनोन्‌महिने घरापासून लांब, भत्ता आणि शेवटी नफ्यातला वाटा. तुमच्या भाषेत पीसरेट.

नाना : आता तुम्ही माझ्या बाजूने बोलताय.

सर : नाही. मी एवढंच म्हणतोय की त्यांना हे सगळं माहीत होतं, तुमच्या-माझ्यापेक्षा चांगलं माहीत होतं. तुम्ही त्यांच्यावर दया करता. त्यांनी ती दया घेतली असती का? १९१४ ची गोष्ट आहे, सिडनीची. तिसरी कसोटी, मालिका बरोबरीत. कर्णधार हॅरोल्ड वॅगस्टाफ. एकामागून एक माणूस जखमी होऊन बाहेर, शेवटी दहा उरले, काही वेळ त्याहूनही कमी. तरी १४-६ जिंकले. त्या सामन्याला नाव पडलं रोर्क्स ड्रिफ्टची कसोटी.

नाना : रोर्क्स ड्रिफ्ट म्हणजे?

सर : आफ्रिकेतली लढाई. १८७९. मूठभर ब्रिटिश सैनिकांनी झुलूंच्या मोठ्या फौजेला थोपवलं.

नाना : झुलूंच्या मुलखावर केलेल्या स्वारीत.

सर : हो.

नाना : म्हणजे दुसऱ्याच्या घरावर चालून जाताना तग धरल्याचा पराक्रम. आणि ते नाव खाणकामगारांच्या खेळाला चिकटवलं. बघा सर, कसं होतं ते. माणूस खाणीतून येतो, हात मोडून घेतो, आणि गोष्ट लिहिणारा त्याला लाल डगल्यातला शिपाई करून टाकतो. मग शिपायाने भरपाई मागायची नसते.

सर : नाव वाईट आहे, ठीक. वॅगस्टाफ वाईट नव्हता.

नाना : मी कुठे म्हणतोय? मला प्रेस्कॉटही आवडतो. तुम्हाला वाटतं मला तो आवडत नाही. उलट तुमच्यापेक्षा जास्त आवडतो, म्हणून तर त्याच्या हाताची चौकशी करतोय. त्याचं पुढे काय झालं ते सांगा. ते तुम्ही दर वेळी गाळता.

सर : गाळत नाही. सेंट हेलेन्सला पुढे प्रशिक्षक झाला. १९६१ ला त्याच्या हाताखाली संघाने वेम्बलीवर विगनला १२-६ हरवलं. विगन म्हणजे शेजारचं गाव, हाडवैर. नव्वद हजारांच्या वर लोक होते. कर्णधार कोण, तर करॅलियस. १९९८ ला प्रेस्कॉट गेला.

नाना : खेळाडू म्हणून विचारतोय मी. ब्रिटनकडून.

सर : अठ्ठावीस कसोट्या. १९५१ पासून.

नाना : ब्रिस्बेन कितवी?

सर : शेवटची.

नाना : ब्रिस्बेन शेवटची. हे तुम्ही मघापासून का नाही सांगितलं?

सर : कारण त्याने गोष्ट बदलत नाही. एकतीस वर्षांचा प्रॉप, तसाही किती खेळणार होता?

नाना : ते त्याला ठरवू द्यायचं होतं. तुम्हीच म्हणालात ना, मोठ्या माणसाचा निर्णय. आता काळ बदललाय म्हणता. माझा नातू दाखवत होता, तिकडचे जुने खेळाडू डोक्याला बसलेल्या मारामुळे विसरभोळे होऊ लागलेत आणि कोर्टात गेलेत. संघटनेवर दावा टाकलाय.

सर : खरं आहे. रग्बी लीगचेही आहेत त्यात. आता डोक्याला लागलं की खेळाडूला बाहेर नेऊन तपासतात, त्याचं मत विचारत नाहीत. आणि ते बरोबर आहे, कारण मार बसलेलं डोकं स्वतःबद्दल निर्णय घेऊ शकत नाही. हात मोडलेल्याचं डोकं शाबूत असतं. माझा सगळा मुद्दा या फरकावर आहे, नाना. प्रेस्कॉट शुद्धीवर होता.

हा मुद्दा सरांनी चांगला काढला आणि नानांनी तो मान हलवून घेतला. मला स्वतःला तो अर्धाच पटतो. शुद्धीवर असणं आणि मोकळं असणं यांत अंतर आहे, आणि ते अंतर बदलीच्या नियमाने भरलं असतं. पण नियम मिळाला असता तर प्रेस्कॉट बाहेर गेला असता का, याचं उत्तर नानांकडेही नव्हतं, आणि ते त्यांना टोचत होतं. म्हणून त्यांनी राखून ठेवलेला पत्ता काढला.

नाना : आता बोल्टन. कॉलरबोन मोडलं, बाहेर गेला. त्याला कोणी भित्रा म्हटलं?

सर : कोणीच नाही.

नाना : त्याच्या नावाने सामना ओळखला जातो?

सर : नाही. प्रेस्कॉटचा सामना म्हणतात.

नाना : बोल्टनचं पुढे काय झालं?

सर : (जरा नाखुशीने) बरा झाला. विगनकडून खेळत राहिला, ब्रिटनकडूनही खेळला. पुढे ऑस्ट्रेलियात गेला, सिडनीच्या बालमेन क्लबाकडे. १९६९ ची ग्रँड फायनल, समोर साउथ सिडनी. बालमेन जिंकणार असं फारसं कोणाला वाटत नव्हतं. जिंकले, ११-२. बोल्टनने दोन ड्रॉप गोल मारले त्यात.

नाना : म्हणजे ब्रिस्बेननंतर अकरा वर्षं.

सर : अकरा वर्षं.

नाना : जो बाहेर गेला तो अकरा वर्षांनी, त्याच देशात, फायनल जिंकतोय. जो राहिला त्याची ती शेवटची कसोटी. आणि तुम्ही शाळेतल्या पोरांना गोष्ट कोणाची सांगता?

सर : प्रेस्कॉटची सांगतो, आणि सांगत राहीन. आता माझं ऐका. दोघांची दुखापत सारखी नव्हती. कॉलरबोन गेलं की खांदा उचलत नाही, त्याला थांबून उपयोगच नव्हता. आणि दुसरं. बोल्टन निघाला तेव्हा प्रेस्कॉट आत उभा होता. तो आधीच गेला असता, आत बाराच उरले असते, तर बोल्टन गेला असता असं वाटतं तुम्हाला?

नाना : का नसता गेला? कोणी अडवलं असतं? डॉक्टरने? मॅनेजरने? नाव घ्या.

सर : बोल्टननेच स्वतःला अडवलं असतं.

नाना : हे तुम्ही त्याला विचारलंत?

सर : नाही विचारलं. तुम्ही तरी प्रेस्कॉटला कुठे विचारलंत, की बाबा, कडेला बदली तयार असता तर तू बसला असतास का?